त्रेपन्न चौरस फूट

"पाय काढ! आधी पाय काढ तिथून! ती बँकेची जागा आहे!"

रविवारी सकाळी सकाळी हे ऐकून मोजणीसाहेबांची बायको हातात चहाचे दोन कप घेऊन जागच्या जागी थबकली. साहेब बाथरूमच्या दारात उकिडवे बसले होते. एका हातात टेप, दुसऱ्या हातात खडू, आणि चेहरा असा तापलेला की पाण्याचा थेंब पडता तर चर्र झालं असतं. उंबऱ्यापासून दोन फूट पुढे त्यांनी पॅसेजच्या फरशीवर एक जाड पांढरी रेघ ओढली होती.

"हे काय चाललंय?"

"हद्द," साहेब म्हणाले. "रेघेच्या आत आपलं. बाहेरचं सगळं बँकेचं."

साहेब जमिनीच्या मोजणी खात्यात होते. बावीस वर्षं लोकांच्या हद्दी ठरवण्यात गेली होती. दोन भाऊ हमरीतुमरीवर आले की साहेब टेप सोडायचे आणि एका दुपारीत दोघांनाही सारखंच नाराज करून परत यायचे. हाताखालच्या प्रत्येक नव्या माणसाला त्यांनी एकच धडा घोकून घेतला होता : आधी मूळ खूण शोधा, मग टेप सोडा. खूण चुकली की पुढचं सगळं चुकलं. त्यामुळे आपल्या घरातली ही रेघ चुकली असेल, अशी शंकासुद्धा त्यांना शिवणं शक्य नव्हतं.

भडका उडाला होता आदल्या दिवशी, आणि तोही शिवणाच्या मशीनवरून. बायकोचं शिवणाचं छोटं दुकान होतं, ते हे घर घेताना मोडलं. मशीन तेव्हापासून पलंगाखाली पडलं होतं. हॉलच्या खिडकीशी मशीन मांडते, चार गिऱ्हाइकं येतील, असं ती सहा वर्षं म्हणत होती आणि साहेब सहा वर्षं म्हणत होते, "कर्ज एकदा फिटू दे, मग बघू. हॉलमध्ये वर्दळ नको." शनिवारी ती म्हणाली, "कधी फिटणार ते तरी विचारून या." विसातली सहा गेली, राहिली चौदा, असं तोंडी गणित मांडून साहेब ऐटीत बँकेत गेले.

कर्ज विभागातल्या मॅडमनी संगणकात पाहिलं. "अठरा वर्षं दोन महिने, सर."

"अहो, वीस वर्षांचं कर्ज. सहा वर्षं भरलं. विसातून सहा गेले, राहिले किती?"

"चौदा, सर."

"मग?"

"अठरा, सर. व्याजदर वाढला ना मध्ये. हप्ता वाढवला असता तर तुमची ओढाताण झाली असती. म्हणून हप्ता तोच ठेवला आणि मुदत वाढवली. तुमच्या सोयीसाठी."

"मला विचारलं कुणी?"

"मेसेज गेलेला दिसतोय, सर."

साहेबांच्या कपाळावरची शीर उडायला लागली. आतापर्यंत भरले किती, तर अठरा लाख. त्यातलं मुद्दल किती फिटलं, तर साडेतीन लाखांच्या थोडं वर. बाकीचे साडेचौदा लाख? "व्याज, सर," मॅडम म्हणाल्या, लिफ्ट बंद आहे हे ज्या आवाजात सांगतात त्याच आवाजात. आणि शेवटपर्यंत एकूण किती भरायचे? तीस लाखांच्या कर्जाचे त्र्याहत्तर लाख. साहेब अठ्ठेचाळीस वर्षांचे होते. अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्त होणार आणि सहासष्टाव्या वर्षी घर त्यांचं होणार. तोवर गुडघे गेलेले असणार, आणि घर तिसऱ्या मजल्यावर.

मग काय, तळपायाची आग मस्तकात गेली. घर सहाशे चौरस फुटांचं, किंमत चाळीस लाख. फिटलेलं मुद्दल साडेतीन. साहेबांनी भागाकार केला आणि रविवारी उजाडताच टेप काढली. आले त्रेपन्न चौरस फूट. संडास, बाथरूम आणि पुढची पायपुसणं ठेवायची जागा.

"म्हणजे हा ओटा?" बायकोने विचारलं.

"बँकेचा."

"आणि मी?"

"तू सध्या बँकेच्या पॅसेजमध्ये उभी आहेस. आता या घरातलं बँकेचं काहीही बिघडलं तरी मी एक पैसा घालणार नाही! मालकाने बघावं मालकाचं!"

"मग हा चहाही बँकेच्या ओट्यावर झालाय," ती म्हणाली आणि दोन्ही कप स्वतःच प्यायली.

आता इथे राग ओसरला असता तर काही बिघडलं नसतं. पण साहेब हातातलं काम अर्धवट सोडणारे नव्हते. स्वयंपाकघरातल्या सिंकचा पाइप आठवडाभर गळत होता, खाली बादली लावलेली होती आणि सोमवारी प्लंबर यायचा होता. साहेबांनी त्याला फोन केला.

"येऊ नकोस. ते सिंक आमचं नाही."

"मग कुणाचं, साहेब?"

"बँकेचं."

"बँकेचं सिंक तुमच्या घरात कसं आलं?"

"तेच तर मी विचारतोय!" साहेब गरजले आणि फोन आपटला. मग बँकेच्या मदत क्रमांकावर फोन लावून, बरीच बटणं दाबून आणि बरीच सनई ऐकून त्यांनी तक्रार नोंदवली की तुमचं सिंक गळतंय, माणूस पाठवा. पलीकडच्या मुलाने कर्ज क्रमांक लिहून घेतला आणि बँकेला निवडल्याबद्दल आभार मानले.

ती बादली बायको दिवसातून दोनदा ओतायची. सोमवारपासून तिने ओतणं बंद केलं.

"अगं, भरली ती."

"बादली रेघेच्या बाहेर आहे," ती म्हणाली. "दुसऱ्याच्या वस्तूला हात लावायचा नसतो."

नियम साहेबांचाच होता. बादली भरली, वाहिली, पाणी ओट्याखाली शिरलं आणि तिथून वाट काढत खाली गेलं. खालच्या मजल्यावर एक निवृत्त फुटबॉल पंच राहायचे. सगळी इमारत त्यांना शिट्टीकाका म्हणायची. काकांनी महिन्यापूर्वीच स्वयंपाकघरात पीओपीचं नवंकोरं छत करून घेतलं होतं, आणि येणाऱ्याजाणाऱ्याला आत नेऊन मान वर करायला लावून ते दाखवलं होतं.

बुधवारी दुपारी दारावर थापा पडल्या. काका उभे होते. हातात वीतभर ओला तुकडा, शर्टावर आमटी.

"हे काय आहे?"

"छताचा तुकडा दिसतोय," साहेब म्हणाले.

"माझ्या छताचा! माझ्या ताटात पडला! मी जेवत असताना! साठ हजार खर्च झालेत त्याला, साठ हजार!"

"काका, तुमचा राग एकदम रास्त आहे. मलाही तसाच आलाय. फक्त तुम्ही दार चुकलात. घरमालक चौकात बसतात, काचेच्या दारामागे. चारपर्यंत असतात."

दुसऱ्या कुणी हे उडवून लावलं असतं. काकांनी मात्र आयुष्यभर नियमांवर बोट ठेवलेलं. ते आमटीच्या शर्टासकट थेट बँकेत गेले, तुकडा मॅडमच्या टेबलावर ठेवला आणि रांगेचं कारण सांगून कुणी त्यांना मागे ढकलू लागताच खिशातली शिट्टी काढून फुंकली. सुरक्षारक्षक धावला, काउंटरवरची नोटा मोजणारी बाई मोजणी विसरली आणि व्यवस्थापक आतल्या खोलीतून बाहेर आले.

त्याचा परिणाम असा झाला की गुरुवारी सकाळी खुद्द मॅडमच दारात हजर झाल्या. सोबत कॅमेरा घेतलेला एक माणूस, आणि त्यांच्या मागोमाग काका.

"आली! मालकीण आली!" साहेबांना सहा दिवसांत पहिल्यांदा हसू फुटलं. "या, हे तुमचं सिंक. करा दुरुस्त."

"सर, तारण घराचं नुकसान होतंय अशी तक्रार आली, म्हणून पाहणीला आलोय," मॅडम म्हणाल्या. "करारात कलम आहे. घर नीट ठेवायची जबाबदारी कर्जदाराची. पाहणीचा खर्च तुमच्या कर्जात जमा होईल."

"घर तुमचं आणि डागडुजी माझी?"

"घर तुमचंच आहे, सर. आमच्याकडे फक्त तारण आहे."

"माझं? सगळं?" साहेबांनी खडूची रेघ दाखवली. "मग ते साडेचौदा लाख मी कशाचे भरले?"

"पैशाचे, सर. घराची किंमत वेगळी. पैसे वापरायला घेतले, त्याची ही किंमत. जितकी वर्षं वापराल तितकी ती वाढते."

हे इतकं सोपं होतं की साहेबांना आणखीच संताप आला. सहा वर्षांपूर्वी सही करताना हे कुणी एका वाक्यात सांगितलं असतं तर काय बिघडलं असतं! तेव्हा सगळ्यांनी पेढ्यासारखं तोंड करून फक्त हप्ता सांगितला होता. हप्ता झेपतोय ना, मग झालं! त्यांना ओरडायचं होतं, पण काका कानाशी "साठ हजार, साठ हजार" करत होते आणि पाणी पायाशी आलं होतं.

मॅडमनी पिशवीतून कागद काढला. "काळजी करू नका, सर. दीड लाखाचं पुरवणी कर्ज मिळेल. सिंक, ओटा, काकांचं छत, सगळं होऊन जाईल. हप्ता एक पैशानेही वाढणार नाही. फक्त मुदत तीन वर्षांनी वाढेल."

साहेब दमले होते. आठवडाभर चिडून माणूस दमतो. त्यांनी पेन घेतलं.

"थांबा," बायको म्हणाली. एवढा वेळ ती स्वयंपाकघराच्या दारात हात बांधून उभी होती. "तीन वर्षांचे हप्ते म्हणजे नऊ लाख. दीड लाखासाठी नऊ लाख? ठेवा ते पेन खाली!"

पेन खाली गेलं.

"आणि तुम्ही त्या दिवशी टेप कुठून सोडलीत?"

"कुठून म्हणजे? फिटलेल्या मुद्दलापासून."

"घर केवढ्याचं?"

"चाळीस लाखांचं."

"कर्ज?"

"तीस."

"आणि मधले दहा?"

साहेबांनी नकळत खिशातली टेप काढून हातात घेतली. कॅमेरावाल्याने कॅमेरा खाली घेतला.

"माझं दुकान विकून आलेले दहा," ती म्हणाली. आवाज चढला नव्हता, पण काका एक पाऊल मागे सरकले. "जगाला सांगत फिरता, आधी मूळ खूण शोधा, मूळ खूण शोधा! या घराची मूळ खूण पलंगाखाली पडलीय, आणि मी रोज तिच्यावरची धूळ पुसते. तुम्हाला बँकेचा राग एका दिवसात आला. मला तुमचा सहा वर्षं येतोय!"

तिने त्यांच्या हातातली टेप काढून घेतली. चाळिसातले दहा म्हणजे पाव घर, दीडशे चौरस फूट. स्वयंपाकघर ऐंशीचं. उरलेले सत्तर तिने हॉलमध्ये खिडकीच्या बाजूने मोजले आणि खडूने सरळ रेघ मारली. साहेबांच्या रेघेपेक्षा ती जास्त सरळ होती, कापड बेतणारा हात तो.

"अहो ताई, असं काही कायद्याने..." मॅडम म्हणू लागल्या.

"तुम्ही आधी माझ्या रेघेच्या बाहेर उभ्या राहा. हं. आता सांगा, हप्त्यावर महिन्याला पाच हजार जास्त भरले तर कर्ज कधी फिटेल?"

मॅडमनी फोनवर आकडे घातले. आवाज थोडा खाली आला. "बारा वर्षं... आणि चार महिने."

"म्हणजे सहा वर्षं कमी?"

"हो."

"हे सहा वर्षांत एकदाही सांगावंसं वाटलं नाही?"

"तुम्ही विचारलं नाहीत," मॅडम म्हणाल्या आणि कागद पिशवीत घातला.

त्याच दुपारी प्लंबर आला. पाइपमधला एक वॉशर बदलला, दहा मिनिटांत काम संपलं, आणि जाताना त्याने "बँकेकडून घेऊ का पैसे?" असं विचारून साहेबांचा उरलासुरला जीव घेतला. काकांचं छत साहेबांनी नव्या स्कूटरसाठी बाजूला टाकलेल्या पैशांतून भरून दिलं. बँकेचा राग मात्र त्यांनी सोडला नाही. महिन्याच्या पाच तारखेला हप्ता कापल्याचा मेसेज आला की ते अजूनही फोनला उद्देशून दोन शब्द बोलतात.

मशीन खिडकीशी आलं. गिऱ्हाइकंही आली, चार नव्हे, चांगली रांग लागली. पहिल्या महिन्यातच पाच हजार जास्तीचे भरून झाले. हॉलमध्ये रेघ अजून आहे. बायको रोज फरशी पुसते, पण तेवढी जागा सोडून.

परवा रविवारी साहेब अंघोळ करत होते. दारावर टकटक झाली.

"कोण आहे?"

"मी, ताईंचं गिऱ्हाईक," बाहेरून एका बाईचा आवाज आला. "ड्रेस घालून बघायचा होता. ताई म्हणाल्या, बाथरूम त्यांच्या हद्दीत येत नाही, मालकांना विचारा."

साबणाने डोळे चुरचुरत होते. साहेब तोंड उघडून काहीतरी जळजळीत बोलणार होते. तेवढ्यात मशीनचा खडखडाट थांबला आणि हॉलमधून बायकोचा आवाज आला, "लवकर निघा हो! बाहेर अजून दोघी थांबल्यात. सहासष्टाव्या वर्षापर्यंत तिथेच बसायचंय का?"

साहेबांनी घाईघाईने दोन तांबे अंगावर ओतले, कपडे चढवले आणि केस पुसत बाहेर आले. त्रेपन्न चौरस फूट मोकळे करून दिले, आणि खिडकीजवळच्या रेघेपाशी जाऊन अलीकडेच उभे राहिले.

"आत येऊ का?" त्यांनी विचारलं. "चहा हवा होता."