मंडळीस पत्र, इसवी सन एकशे वीस

रविवारच्या उपासनेत सूचना वाचायला उभ्या राहिलेल्या अब्राहाम भिंगारदिव्यांना पुलपिटावर, म्हणजे प्रवचनाच्या उंच मेजावर, एक फाईल सापडली. अब्राहाम हे सुप्याच्या ख्रिस्ती मंडळीचे सेक्रेटरी. हाताला लागलेला कागद मोठ्यानं वाचल्याशिवाय खाली बसणं त्यांच्या रक्तातच नव्हतं.

फाईल होती बेंजामिन उमाप सरांची. पहिल्या ख्रिस्ती शतकांतल्या पत्रांवर सर अकरा वर्षं पीएच.डी. करत होते. त्या काळी कोणीही उठायचं आणि मोठ्या माणसाचं नाव घालून मंडळ्यांना पत्र धाडायचं. खरं पत्र कुठलं आणि बनावट कुठलं हे ओळखायला सरांनी तीन कसोट्या काढल्या होत्या: लिहिणाऱ्याचे शब्द, त्याची लांबण आणि त्याचा स्वभाव. मंडळीतल्या पोरासोरांनाही त्या पाठ होत्या, कारण शनिवारच्या बायबल क्लासात सर दुसरं काही शिकवतच नसत. बनावट पत्र लिहिणं किती सोपं असतं हे दाखवायला त्यांनी स्वतःच एक पान टाईप करून पाहिलं, वर गमतीनं ‘इ. स. १२०’ घातलं आणि शनिवारी फाईल पुलपिटावरच विसरले.

“मंडळीला शांती असो,” अब्राहाम वाचू लागले. “तुम्ही प्रीतिभोजन म्हणता, आणि कामकरी भाऊ येण्याआधी भांडी खरवडता. दमून येणाऱ्याच्या ताटात नुसता रस्सा, तुमच्या ताटात हाडांचा ढीग. त्या ढिगाकडे पाहा आणि मग आशीर्वाद मागा. तुमच्यात दोन बहिणी आहेत. एक गाते तेव्हा दुसरी खोकते. देवाला गाणं ऐकू येतं, तसा खोकलाही ऐकू येतो.”

वरचं साल अब्राहामांनी आधीच वाचलं होतं, त्यामुळे मंडळीला ते कुणा जुन्या संताच्या पत्राचं भाषांतरच वाटलं. प्रार्थनाबाई आणि त्यांची जाऊ दोन वर्षांचा अबोला मोडून एकमेकींच्या गळ्यात पडल्या. त्या दिवशी एमआयडीसीतली पहिली शिफ्ट सुटून माणसं येईपर्यंत, म्हणजे साडेतीनपर्यंत, उपासनेनंतरच्या जेवणाच्या पातेल्यावरचं झाकण कोणी उचललं नाही. आपल्या ताटात अख्खे पीस बघून शिफ्टवाल्यांनी आधी विचारलं, “कोन वारलं?”

सरांनी तेव्हाच उठून खरं सांगायला हवं होतं. पण त्यांना फार आवडत होतं. अकरा वर्षांत त्यांचं लिहिलेलं ऐकताना कोणी जागंसुद्धा राहिलं नव्हतं.

सोमवारी अब्राहाम घरी आले. “सर, तुमचं एक काम करून टाकलं. पत्राचा फोटू गाईड मॅडमला धाडला. नंबर फाईलवरच हुता. लिवलं, आमच्या सरांनी एकोनीसशे वर्सांचं पत्र शोधून काडलंय.”

सरांना आधी मुदतच आठवली. प्रबंध महिनाअखेर द्यायचा होता आणि ही शेवटची मुदतवाढ होती. बनावट पत्रं पकडणारा माणूस स्वतःच बनावट पत्र खपवताना सापडला, तर अकरा वर्षं पाण्यात.

“अहो, ते मीच लिहिलंय!”

“काय राव सर,” अब्राहाम हसले.

मॅडम फोन उचलेनात. आपण एकट्यानं सांगितलं तर ती सारवासारव वाटेल, म्हणून सरांनी बुधवारी पंचांची मीटिंग बोलावली. पत्र सरांचं, घोटाळा सेक्रेटरींचा, असं मंडळीनं लिहून द्यावं एवढीच मागणी.

“देऊ की,” अब्राहाम म्हणाले. “पन सांगंल त्याचं ऐकायचं न्हाई, कसोटी लावायची, हे तुमीच शिकिवलं. पयली कसोटी, शब्द. तुमी दर दोन वाक्यांला ‘तथापि’ म्हनता. पत्रात एकदा तरी हाय का?”

नव्हतं.

“दुसरी, लांबन. तुमी आभार मानाया उठले तरी पाऊन तास जातो. हे एका पानात आटपलंय.”

“तथापि...” सर म्हणाले.

“बगा! आता तिसरी, स्वभाव. हा मानूस म्हनतो, दमून येनाऱ्यासाठी थांबा. आन जेवनाच्या रांगंत पयला नंबर कुनाचा असतो, सर?”

सरांनी मागे बसलेल्या बायकोकडे बोट दाखवलं. “कृपाला विचारा,” ते म्हणाले. “सव्वीस वर्षं ओळखते मला.”

“ह्यांच्याच्यानं असं व्हायचं न्हाई,” कृपाबाई शांतपणे म्हणाल्या. “ह्यांनी भाजीची यादी केली तरी खाली तळटिपा असत्यात.”

सदर पत्र बेंजामिन उमाप यांचे नाही, असा ठराव कसोट्यांसकट एकमतानं मंजूर झाला आणि अब्राहामांनी तो तिथूनच मॅडमला धाडला.

गुरुवारी दुपारी मॅडमचा फोन आला. “पत्र जुनं नाही हे मी लगेच ओळखलं. खरं सांगू? मला तुमचाच संशय आला होता. पण ठराव वाचला आणि शरम वाटली. तुमच्यानं असलं लिहून होणार नाही हे मला तरी कळायला हवं होतं! तो ठराव शेवटच्या प्रकरणात घाला. साध्या माणसांच्या हातीसुद्धा तुमच्या कसोट्या चालतात, याहून मोठा पुरावा कुठला? प्रबंध घेऊन या.”

“मॅडम, पण ते खरोखर...”

“आभार नंतर माना,” म्हणून त्यांनी फोन ठेवला.

सरांचा जीव भांड्यात पडायला हवा होता, पण त्यांना रडू येत होतं. जन्मात एकच चांगलं पान लिहिलं, आणि ते आपलं नाही हे आता सहीनिशी सिद्ध करायचं.

कृपाबाई चहा घेऊन आल्या.

“कृपा, ते मीच लिहिलंय गं.”

“ठावं हाय की मला.”

“कसं?”

“लगीन ठरल्यावर माज्या म्हायेरी, पुणतांब्याला, एक पत्र धाडलं हुतं तुमी. अर्धं पान. अजून हाय माज्या ट्रंकंत. ह्येबी अगदी तसंच लिवलंय.”

“मग भर मीटिंगमध्ये खोटं का बोललीस?”

“तुमची डिग्री गेली असती. आन तुमचं हाय म्हनल्यावर ऐकलं असतं का कुनी? कुना मोठ्या मानसाचं वाटलं, म्हनून तर शिफ्टवाल्या पोरांला पोटभर मिळालं.”

सरांनी कप बाजूला ठेवला. त्या काळी माणसं आपलं पत्र दुसऱ्याच्या नावावर का घालत, हे प्रकरण अकरा वर्षं अडून बसलं होतं. त्यांनी घाईघाईनं पेन शोधलं.

“पुन्हा सांग. हळूहळू सांग.”

“लिवा,” कृपाबाई म्हणाल्या. “पन खाली माजं नाव घालू नका.”