मानाच्या शालजोडीस कसर लागली, त्याची हकीकत

॥ श्री ॥ विघ्नहर्त्या गजाननास साष्टांग नमन, आणि त्यांच्या उंदरास दुरूनच नमन, कां की आमची चाकरी कापडाची. शालिवाहन शके एकोणीसशे सत्तेचाळीस, विश्वावसुनाम संवत्सर, वैशाख मास, ते समयी या दौलतीत जे वर्तमान घडले ते यथामति लिहितो. लिहिणार कोण हे पुसू नये. जामदारखान्यात, म्हणजे सरकारच्या वस्त्रांच्या कोठीत, तीस वर्षे घड्या घालणारा एक सेवक, इतके जाणावे. दौलतीचे नाव लिहिले नाही, गनिमाच्या शहराचेही लिहिले नाही, आणि माणसांची नावे पालटली आहेत. बाकी सर्व खरे, आणि जेथे पोटात जळजळ जाहली तेथे ती लपविली नाही.

तरी ऐसा दंडक पूर्वीपासोन चालत आला की, परमुलुखी वेष पालटून राहिलेला जासूद कामगिरी फत्ते करोन जिवंत परतला, म्हणजे त्यास महालात बोलवावे, दारे लावावी, आणि श्रीमंत सरकारांनी स्वहस्ते मानाची शालजोडी त्याच्या खांद्यावर घालावी. मग दहा श्वास मोजावे, आणि शालजोडी काढोन घ्यावी, आणि घडी करोन पेटीत ठेवावी, आणि मगच दार उघडावे. कारण जासूद शाल पांघरोन रस्त्याने चालला तर लोक पुसणार की ही कशाची. आणि दार उघडण्याआधी त्याने बेलभंडार उचलोन शपथ वाहावी की जे केले ते घरच्या माणसासही सांगणार नाही. श्वास मोजणे आणि शाल काढोन घेणे हे काम आमचे. या वैशाखापर्यंत तीस वर्षांत अकरा खांद्यांवर ती शाल पाहिली, त्यांत आमचा खांदा नाही. खोटे कां बोलावे, एकदा कोणी नसता पेटी उघडोन आपणच पांघरली होती. पण कोठीत आरसा नाही, म्हणोन व्यर्थ गेली.

अकरावा खांदा सुभानजीचा. हा सुभानजी गनिमाच्या शहरी नऊ वर्षे लोणची विकत होता. चेहरा ऐसा की समोरून गेला तरी कोण गेले ते आठवू नये, आणि जासुदास याहून मोठे देणे नाही. गनिमाच्या छावणीच्या मुदपाकखान्यात त्याचे लोणचे जात असे, आणि माणशी एक फोड या मापाने बरण्या वाढल्या की फौज वाढली हे त्यास घरबसल्या कळे. एके वर्षी मुदपाकखान्याने कैरीचे परत केले आणि लिंबाचे मागितले, तेही बिनतेलाचे, वाटेत टिकणारे. आणि सुभानजीने ताडले की फौज कूच करणार, आणि तीन आठवडे आधी इकडे खबर आली, आणि आपले लोक घाटमाथा धरोन बसले, आणि गनीम वर पाहोन आल्या वाटेने परतला. लढाई जाहलीच नाही, आणि जी लढाई जाहली नाही तिचा पोवाडा कोणी गात नाही. मग तीन वर्षांमागे सुभानजी परतला, आणि महालात दारे लावोन त्यास शालजोडी घातली. ते समयी शालीच्या एका कोपऱ्यास कसर लागोन रुपयाएवढे भोक पडले होते. तो दोष आमचा, कडुलिंबाचा पाला बदलण्यास आळस केला होता. आम्ही तो कोपरा आत दुमडोन डाव्या काखेत दडविला, परंतु सुभानजीचे बोट नेमके त्या भोकात गेले. त्याने आमच्याकडे पाहिले, आणि आम्ही दहा श्वास मोजोन शाल काढोन घेतली.

इकडे सुभानजीचे गनिमाच्या शहरातील दुकान मोडले नव्हते. त्याच गादीवर तुळाजी नामे आपला दुसरा माणूस भाचा म्हणवोन बसला होता. सुभानजी जासूद होता हे एका तोंडून निघते तर महिन्याच्या आत तुळाजीचे शिर तिकडे वेशीवर टांगले जाते. म्हणोन सुभानजी गप्प, आणि पेठेत लोणच्याची गाडी लावोन बसला. त्याची बायको दुरपदाबाई, जिभेने तिखट आणि हाताने उदार, तिचा समज ऐसा की नवरा नऊ वर्षे परमुलुखी दुसरे बिऱ्हाड करोन राहिला, आणि तेथून हाकलला तेव्हा घरी आला. तीन वर्षे ती त्यास जेवू घाली, परंतु ताट ठेवून पाठ फिरवी, समोर बसत नसे. सुभानजीस लढाईचे भय नव्हते, या पाठीचे होते.

ऐशात दौलतीत चित्रपट निघाला. नाव लिहीत नाही, फुकट जाहिरात आम्ही कां करावी? कोणी चित्रपटवाल्याने दरबारात ऐकले की आपला एक माणूस गनिमाच्या शहरी होता आणि त्याने लढाई टाळली, आणि तेवढ्या धाग्यावर त्याने अख्खे लुगडे विणले. त्यात जासुदाचे सोंग रूपेंद्रकुमार नामे नटाने घेतले. हा नट काळा चष्मा लावोन फटफटीवर बसतो, आणि गडाच्या बुरुजावरोन उडी टाकतो आणि केस विस्कटत नाहीत, आणि लेखणीच्या टोकाने बारा गनीम मारितो, आणि मध्येच गनिमाच्या सरदाराच्या भाचीबरोबर बर्फात नाचतो, आणि त्या शहरी बर्फ पडत नाही हे कोणी पुसत नाही. ज्याचा चेहरा कोणास स्मरू नये तो जासूद. याचा चेहरा तर शहरातील एक भिंत सोडीत नव्हता. आणि लोक वेडे जाहले, आणि जासूदखात्याच्या दारी दोनशे देखणे तरुण चाकरी मागावयास आले, आणि खात्याच्या नाईकांनी सर्वांस नापास केले, त्यात एक त्यांचा जावई होता.

दुरपदाबाई तो चित्रपट सात वेळा पाहोन आली. पाचव्या वेळेस नवऱ्यास बरोबर घेवोन गेली, आणि आम्हीही त्याच खेळास मागल्या रांगेत होतो, पाहण्यास नव्हे, दोष काढण्यास. पडद्यावर नट फटफटी दामटीत बाजारात शिरला आणि एका लोणचेवाल्याची गाडी उलथली, आणि बरण्या फुटल्या, आणि लोणचेवाला कपाळास हात लावोन बसला, आणि सर्व लोक हसले. दुरपदाबाईही हसली. सुभानजी हलक्या आवाजात म्हणाला की खारवलेली कैरी होती, मुरायला वर्ष लागते. तेव्हा ती पडद्यावरोन नजर न काढता म्हणाली, "पुरुष असावा तर असा. एका दमात गड चढला. तुमच्यानं नऊ वर्षांत एक चिठ्ठी धाडवली नाही." सुभानजीचे आत काय होत होते ते आम्हांस कळत होते, कां की आमचेही तेच होत होते. बरणीत पाणी गेले म्हणजे लोणचे वरोन तांबडे दिसते आणि आतून नासते, तैसा मत्सर.

मग चित्रपटास शंभर दिवस जाहले, आणि श्रीमंतांची मर्जी बैसली की नटाचा सत्कार करावा, भर दुपारी, राजवाड्यासमोरील मैदानी, मांडव घालोन, सर्व रयतेदेखत. आणि आज्ञा आली की मानाची शालजोडी आणावी. आम्ही हात जोडोन अर्ज केला की महाराज, ती शाल बंद दारामागची. तेव्हा उत्तर जाहले की, ज्यांस दाखवावयाची सोय नाही त्यांस किती काळ देत बसावी, एकदा लोकांस दिसो. मग इलाज काय? आम्ही शाल काढली, आणि भोकाचा कोपरा आत दुमडला, आणि मैदानी नेली. सुभानजी सातव्या रांगेत बायकोशेजारी बसला होता. श्रीमंतांनी शाल नटाच्या खांद्यावर घातली आणि बोलले की ऐसा जासूद या दौलतीत दुसरा जाहला नाही. टाळ्यांनी मांडवाचे कापड हालले. आम्ही सवयीने श्वास मोजू लागलो, आणि दहा जाहले, आणि वीस जाहले, आणि पन्नास जाहले, आणि शाल त्याच्याच खांद्यावर. शाल काढोन घेण्यास आमचे हात आपोआप पुढे जात होते, ते धरोन ठेवावे लागले.

मग रूपेंद्रकुमार बोलावयास उभा राहिला. बोलणे गोड, ते नाकारीत नाही. म्हणाला की जासुदाचे जिणे तो सहा महिने जगला, त्याचे दुःख त्यास पुरते कळले. आणि मग सभेवर नजर फिरवून, हात छातीवर ठेवोन म्हणाला, "या मांडवात कोणी खरा जासूद बसला असेल, तर त्यानं उभं राहावं. मी त्याच्या पाया पडेन." लोक हसत इकडे तिकडे पाहू लागले. आणि सातव्या रांगेत सुभानजी उभा राहिला.

सभेत गनिमाचे कान असतात हे शेंबडे पोरही जाणते. सुभानजीचा चेहरा लाल जाहला होता, आणि ओठ हालत होते, आणि आम्ही बारा वर्षांचे बोलणे त्याच्या गळ्यापाशी आलेले पाहिले. शाल समोर, बायको शेजारी, पाया पडणारा तयार, एका शब्दाचे काम. दुरपदाबाई त्याचे धोतर ओढोन म्हणत होती की बसा, शोभा करू नका. तुळाजी त्या घटकेस तिकडे दुकानी बसोन कोणास तरी फोडी मोजोन देत असेल. आणि सुभानजीने एकदा तिच्याकडे पाहिले, आणि एकदा शालीकडे, आणि मोठ्याने बोलला, "शालजोडीला कसर लागलीय. डाव्या काखेतला कोपरा बघा. उन्हात घाला अन् कडुलिंबाचा पाला ठेवा." आणि खाली बसला.

मांडवात हशा जो उसळला तो आवरेना. कोणी म्हणाले की उन्हाने डोके फिरले, कोणी म्हणाले की लोणचेवाल्यास बुरशीशिवाय काय दिसणार. नटाने काखेतला कोपरा काढोन पाहिला आणि बोट आरपार गेले, आणि तोंड उतरले, आणि त्याने शाल तेथेच आमच्या हाती देवोन दुसरी मागितली. श्रीमंतांनी आम्हांस सभेदेखत जे शब्द ऐकविले ते लिहिण्याजोगे नव्हेत. पाया पडणे राहूनच गेले.

दुसरे दिवशी दुपारी आम्ही सुभानजीच्या घरी भांडावयास गेलो, कां की आमची तीस वर्षांची अब्रू त्याने चव्हाट्यावर मांडली होती. पाहतो तो वैशाखाचे ऊन, वारा नाही, आणि हा ओटीवर जाड गोधडी पांघरोन बसला आहे, आणि घाम हनुवटीवरोन गळत आहे. जवळ ताट, आणि दुरपदाबाई समोर बसोन त्यास वाढीत होती. आम्ही भांडणाचा पहिला शब्द काढला तोच तिने हात वर केला.

"जामदार, एक इचारते. ती शाल याआधी वाड्याबाहेर कधी निघाली होती?"

आम्ही म्हणालो, कधी नाही. उत्तर वस्त्रांच्या कोठीचे होते, जासूदखात्याचे नव्हे, ऐसे आम्ही मनास समजाविले.

"तो कोपरा काखेत दडला होता. मांडवात कुणाला दिसला नाही. यांना सातव्या रांगेतून कसा दिसला, हे काल इचारलं, तर हे गप. मग मी बसून नऊ वर्षं मोजली." इतके बोलोन ती थांबली, आणि खांद्यावरोन घसरलेली गोधडी तिने पुन्हा वर ओढली. "बरं. आणखी काही इचारत नाही."

आम्ही सुभानजीस म्हणालो की अहो, या उन्हात गोधडी कशाला, काढा ती. तो घास गिळोन म्हणाला, "असू द्या. ही कोणी काढून घेत नाही." आणि दिवस मावळेपर्यंत त्याने ती काढली नाही. आम्ही भांडण तसेच घेवोन परत आलो.

येणेप्रमाणे हकीकत जाहली. नटास नवी भरजरी शाल मिळाली आणि चित्रपट आणखी साठ दिवस चालला. कार्तिकात तुळाजी दुकान आवरोन सुखरूप परतला, म्हणोन आज हे लिहिण्यास हरकत राहिली नाही. त्यास जुनीच शाल घातली, रफू करोन, आणि आम्ही दहाऐवजी बारा श्वास मोजले. सुभानजी शपथ पाळोन आहे, दुरपदाबाई न विचारता आहे, आणि लोणचे दोघे मिळोन घालितात. आमच्या खांद्यावर मात्र कोणी काही घातले नाही. मत्सर हा मोठा शत्रू, ऐसे शास्त्र सांगते. शास्त्र लिहिणारास कोणी तरी शाल दिली असली पाहिजे.