चमचाभर विरजणाची फत्ते

ईश्वरकृपेने दूध नासले नाही आणि लेखणी मोडली नाही, म्हणोन ही हकीकत लिहिता आली. वाचणारांनी चित्त स्थिर आणि पोट हलके ठेवोन ऐकावी. एका घरी तीन आठवडे जे रण माजले, त्यात कोणी शहाणपण पाजळले आणि कोणी तोंड मिटोन काम केले, ते जैसे घडले तैसे लिहिले आहे. कोणाची भीड ठेविली नाही.

त्या घरी थोरल्या मातुःश्री, म्हणजे सासूबाई, यांचा अंमल. त्यांचे दौलतीत चिनीमातीचा एक सट आणि सटात विरजण. लग्न होऊन आल्या दिवसापासोन एकतीस वर्षे, कालचे दह्याने आजचे दूध विरजोन, त्यांणी ते जिवंत राखिले होते. मग मातुःश्री लेकीचे बाळंतपणास परमुलखी निघाल्या, तेव्हां सट सूनबाईंचे हवाली केला आणि हुकूम फर्माविला तो ऐसा: "बाकी घर कसंही चालव, मी बोलायची नाही. पण मी येईन तेव्हा यातलं विरजण जिवंत पाहिजे." सूनबाईंनी मान लवविली.

त्याच सुमारास राजमान्य राजश्री सूनबाईंचे यजमान, म्हणजे सरकार, गणिताचे शिकवणीवर्गाचे सरदार, यांची दाढ सुजली. दंतवैद्याने गोळ्यांचा मारा सांगितला आणि त्या गोळ्यांनी दाढेतील गनीम मारिला तो मारिला, पोटातील इमानी फौजही कापोन काढिली, मग पोटाचे मुलखात बंडाळी जाहली आणि खासा स्वारी दिवसातोन सहा वेळ न्हाणीघराकडे कूच करू लागली. घरच्या डॉक्टरीणबाईंनी मसलत दिली की जिवंत जंतूंचे काही खावे. सूनबाईंनी तात्काळ दह्याची वाटी पुढे ठेविली.

"हे काय, दही?" सरकारांनी वाटी बोटाने सारिली. "डॉक्टर शास्त्राचं बोलत होत्या."

मग सरकारांची स्वारी कोपऱ्यावरील व्यायामशाळेत गेली. तेथील उस्ताद दंड फुगवोन बसत आणि सल्ले विकीत. त्यांस गल्लीत पोटपंडित म्हणत. त्यांणी प्रोबायोटिकच्या इवल्या बाटल्यांची खोकीच्या खोकी दिली आणि एक रंगीत पत्रक दिले. पत्रकात पचन, झोप, केस, कांती, स्मरणशक्ती ऐसे नाना मुलूख फत्ते करण्याचा करार होता. अकलेचा उल्लेख मात्र कोठे नव्हता, तेवढी त्या लिहिणाराची सचोटी.

आता खोक्यांस छावणी पाहिजे. सूनबाई ग्रंथालयात चाकरीस गेल्या असता सरकारांनी बाह्या सरसावोन फ्रिज मोकळा केला आणि सट मोरीत उपडा केला आणि साबणाने घासोन पालथा घातला. मग सूनबाई परतल्या, तो सरकार दाराशीच बक्षिसाची आस धरोन उभे.

"सट घासून ठेवलाय बघ. तुझं एक काम वाचवलं."

सूनबाई मोरीकडे धावल्या. हातातील पिशवी तैसीच राहिली. पुसिले, आत होते ते कोठे? सरकार वदले, "अगं, आंबलेलं जुनं काहीतरी होतं. दुकानातून दही आण आणि लाव. आईला काय कळतंय?"

सूनबाईंस खोटे बोलण्याची सवय नव्हती आणि या वयात ती लावोन घेण्याची इच्छाही नव्हती. दुकानचे दही आणिले नाही. सट रिकामा राहिला.

सरकारांचे पुढील शौर्य ऐकावे. गळा हे त्यांचे हत्यार. थंड घोट उतरला की घसा बसे आणि वर्ग बुडे. म्हणोन प्रत्येक बाटली रोज सकाळी उकळत्या पाण्याचे पातेल्यात उभी करावी, वाफ निघेतो उकळावी आणि मग डोळे मिटोन प्यावी, ऐसा शिरस्ता पडला. सूनबाई एकदाच बोलल्या.

"अहो, इतकं उकळल्यावर आत काही जिवंत राहील का? दूध विरजायचं तरी करंगळी बुडवून सोसेल इतकंच कोमट लागतं."

फर्मान निघाले, "स्वयंपाकघरातलं स्वयंपाकघरात. हे शास्त्र आहे."

मग सूनबाईंनी दुसरी वाट धरिली. गल्लीचे टोकास शिंपीणकाकूंचे ठाणे. चार वर्षांमागे त्यांणी याच सटातील चमचाभर विरजण नेले होते आणि आजतागायत चालविले होते. परंतु त्याच साली त्यांणी बैठकीचे खोलीचा पडदा चार बोटे आखूड शिविला, आणि मातुःश्रींनी तह मोडोन बोलणे बंद केले. ऐशा शत्रूचे दारी सूनबाई एकट्या गेल्या. काकूंचे तोंडात टाचण्या होत्या. त्या काढोन सर्व हकीकत ऐकिली.

"विरजण आहे. तुमच्याच घरचं आहे, देईन की. पण ज्याने ओतलं त्याने वाटी घेऊन यावं."

"काकू, ते नाही हो यायचे."

"पोट आणील त्यांना. मला घाई नाही." आणि टाचण्या पुनः तोंडात गेल्या.

तिसरा आठवडा सरत आला, तरी बंडाळी मोडेना. तो मातुःश्रींचा दूरध्वनी आला की परवा पोहोचते. त्याच दिवशी सरकार गळाठोन डॉक्टरीणबाईंचे दरबारी दाखल जाहले, सूनबाई समागमे. बाईंनी बाटली फिरवोन पाहिली. वर 'थंड ठेवा' ऐसे छापिले होते.

"उकळून? अहो सर, आतले जंतू पहिल्या वाफेलाच गेले. तीन आठवडे गोड पाण्यात प्रेतं पिताय तुम्ही. घरी दही लावत नाही का?"

सरकार छताकडे पाहू लागले. सूनबाई भिंतीवरील दिनदर्शिकेकडे पाहू लागल्या. घरी येताना त्यांणी काकूंचा करार सांगितला, तो शब्द कमी नाही, जास्त नाही.

मग भर दुपारी सरदारांनी हाती वाटी घेतली आणि गल्ली चालोन गेले. वाटेत वर्गातील दोन विद्यार्थिनी आडव्या आल्या.

"सर, वाटी कशाला?"

"प्रयोग आहे," म्हणोन स्वारी पुढे निघाली. तीन आठवड्यांत तेवढेच वाक्य खरे बोलले.

ठाण्यात शिंपीणकाकूंनी यंत्र थांबविले.

"काय हवंय?"

"विरजण."

"का? घरचं कुठे गेलं?"

"ओतलं."

"कुणी?"

सरकारांनी हातातील वाटीत पाहिले. "मी."

काकूंनी चमचाभर विरजण वाटीत घातिले आणि दार धरोन सांगितले की जपून न्या. त्या सायंकाळी सूनबाईंनी दूध तापविले, निवविले आणि सरकारांची करंगळी पातेल्यात बुडवविली. दुसरे दिवशी पुनः विरजिले. तिसरे दिवशी मातुःश्री आल्या, पाय धुतले आणि बसल्या जागी सटच मागितला. चमचा जिभेस लाविला. सरकार दाराचे आडोशास उभे.

"चव घरचीच आहे," मातुःश्री बोलल्या. "हात दुसऱ्याचा आहे. कुणाकडनं आणलंस?"

सूनबाईंनी पदर सावरिला. "शिंपीणकाकूंकडून."

मातुःश्रींनी पडद्याकडे पाहिले. मग दुसरा चमचा घेतला. "पडदा आखूड शिवला मेलीने, पण विरजण नीट सांभाळलं. तिला वाटीभर दही पाठवून दे."

ओतले कोणी, हे त्यांणी पुसिले नाही. लेकाकडे एकवार पाहिले, तेवढ्यानेच जाब मिळाला. लेकास तरी राहवेना.

"आई, तुला माहितेय का, दह्यात जिवंत जंतू असतात! प्रोबायोटिक!"

"असं? मग एकतीस वर्षं मी काय मेलेले घालत होते?"

सूनबाईंस हसू आले, ते त्यांणी झाकण लावण्याचे निमित्ताने सटात सोडिले.

येणेप्रमाणे सट हवाली घेतला तैसाच हवाली केला, चार वर्षांचे वैर मिटले आणि चौथे दिवशी पोटाची बंडाळीही निवाली. दह्याने निवाली की सरकारांस कंटाळोन, ते पोटासच ठाऊक. शिल्लक बाटल्या रित्या करोन काकूंकडे बटणे ठेवण्यास रवाना केल्या. त्यांचे हातोन तेवढेच कार्य व्हावयाचे होते. फत्ते सूनबाईंचे नावे दर्ज असे. इतके लिहिले तो दूध कोमट जाहले, म्हणोन लेखणी ठेविली.