वीस घरांचं चूलबंद

नियोजन शिकावं तर माझ्याकडून! ऑफिसातल्या प्रत्येक निरोप समारंभाची व्यवस्था बावीस वर्षं मीच बघतो, आणि आजवर एक समोसा उरला नाही की कमी पडला नाही. त्यामुळे लेकीचं, अनघाचं साक्षगंध म्हणजे साखरपुडा ठरला तेव्हा मी बायकोला बजावलं, "शीला, तू फक्त चांगली साडी नेस. बाकी सगळं माझा लॅपटॉप बघेल!"

पुसदचं एक मंगल कार्यालय दहा ते चार घेतलं. ताटं दीडशे. मुलाकडचे साठ, आमचे शहरातले सत्तर आणि गावाकडचे वीस. गावाची जबाबदारी थोरल्या काकांवर, नानाजींवर. त्यांना फोनवर दोनदा सांगितलं, "नानाजी, वीसच घरं सांगा. एकही जास्त नको!"

"वीस म्हंजे वीस, किसना. तू बिनघोर राह्य!"

मी बिनघोर राहिलो. तिथंच फसलो!

साक्षगंधाच्या दिवशी अकराला फाटकात ट्रॅक्टर धडधडला. त्याच्या मागे दुसरा. मग तिसरा! ट्रॉल्यांमधून माणसं उतरतच होती. म्हातारे, लेकुरवाळ्या, कोणाकडे आलेले सोयरे आणि त्या सोयऱ्यांचेही पाहुणे! एकशे सदतीसवर मी मोजणं सोडलं.

"नानाजी! वीस घरं म्हटलं होतं ना?"

"मंग? वीसच तं सांगतले! चूलबंद आवतण देलं."

चूलबंद! म्हणजे त्या दिवशी त्या घरात चूल पेटवायचीच नाही. घरात जितकी तोंडं, तितकी सगळी आपल्या पंगतीला. आणि मी शहाण्यानं एका घराचं एक ताट धरलं होतं!

"पोरीचं साक्षगंध हाय," नानाजी म्हणाले. "एकाले बलावून बाकीच्याईले कायले उपाशी ठेवू? सकाळपासून कोनं चहा बी नाई घेतला."

तेवढ्यात होणारे व्याही सदाशिवराव यांचा फोन. ते वणीजवळच्या गावाहून निघाले होते. "गाडी पंक्चर झाली हो! दोन वाजतील. तुमच्या लोकांना ताटकळत ठेवू नका, जेवू घाला."

काय करता! वाढा म्हटलं. साडेबाराला केटरर धर्मपाल कानाशी लागला, "साहेब, जिलेबी संपली." पाऊणला, "मसालेभात संपला." एक वाजता त्यानं नुसतं पातेलं उलटं करून दाखवलं.

आणि सदाशिवरावांचा फोन आला, "दिग्रस सोडलं हो! पाऊण तासात पोहोचतो!"

लेकीचं सासर पहिल्यांदा दारात येणार आणि आपल्याकडे वाढायला घासही नाही! अनघाचे डोळे भरले. "बाबा, ते काय म्हणतील हो?" मलाही खरंच रडू आलं. सवयीनं लॅपटॉप उघडला. त्यात मीच लिहिलं होतं, 'उरणारं अन्न : शून्य'. अंदाज अगदी अचूक!

"काहून रडून राह्यला रे?" नानाजींच्या बायकोनं, विमलकाकूंनी विचारलं. मी सांगितलं. काकूंनी पदर खोचला. "सुखीबाई, बसंतीबाई, उठा व! आयेराचे पोते कुठी हायेत?"

चूलबंद आलेलं गाव रिकाम्या हातानं येत नाही, हेही मी विसरलो होतो! ट्रॉलीतून तुरीची डाळ उतरली, शेतातली वांगी उतरली, घरच्या तुपाचा डबा उतरला. कणीक धर्मपालकडे होतीच. कार्यालयात होते नव्हते तेवढे पोळपाट बायकांनी ताब्यात घेतले. आमच्या ऑफिसचे साहेब कोथिंबीर निवडायला बसले. सदाशिवराव पोहोचले तेव्हा वरण शिजायचं होतं, म्हणून मी गुरुजींच्या पाया पडलो, "मंत्र जरा सावकाश म्हणा!"

अंगठ्या झाल्या. पानं वाढली. वरण, पोळी, झणझणीत वांगी, वर तुपाची धार. सदाशिवरावांनी पहिला घास घेतला आणि डोळे मिटले.

"श्रीकृष्णराव," ते म्हणाले, "कार्यालयातलं पनीर खाऊन खाऊन वीट आला होता हो! आई गेल्यावर असं आजच जेवलो."

अनघा हसली. ते हसू पाहून मी असा काही सुखावलो की थेट माईकच हातात घेतला. "व्याहीबुवा, लग्नालाही असंच जेवण! तुमच्या अख्ख्या गावाला आमच्याकडून चूलबंद आवतण!"

टाळ्यांचा कडकडाट! सदाशिवरावांनी उठून मला मिठी मारली.

नानाजींनी हळूच माझी बाही ओढली. "किसना, व्याह्याच्या गावात घरं किती हायेत, इचारलं काय?"

विचारलं. नऊशे चाळीस!

लग्न वैशाखात आहे. नियोजन नानाजी बघताहेत. मी फक्त चांगला सदरा घालायचा आहे.