वारांचे किट्टूमामा

बँकेच्या बदलीवर मी तंजावूरला गेले तेव्हा शेजारच्या किट्टूमामांनी माझं नाव विचारलंच नाही. फाटकापाशी उभे राहून म्हणाले, "जन्मतारीख सांगा."

मी सांगितली. अंगठा बोटांच्या पेरांवरून सरसर फिरला. "बुधवार. बरं. आत या, काफी घ्या."

मामा गणिताचे निवृत्त प्राध्यापक. घरात मराठी, पण ती भोसले राजांबरोबर इकडे आलेली आणि तमिळ हेल घेऊन मुरलेली. इतिहासातली कुठलीही तारीख टाका, मामा वार झेलणार. पंधरा ऑगस्ट सत्तेचाळीस? "शुक्रवार. हे काय विचारणं झालं! राजांच्या काळातलं विचारा." लढाई कुणी जिंकली याच्याशी त्यांना कर्तव्य नव्हतं. "वार ठाऊक नाही तर ते घडलं कशावरून म्हणाचं?"

लग्नपत्रिका आली की आधी वार तपासायचे, मग नवरानवरी कोण ते पाहायचे. एका पत्रिकेत गुरुवारचा शुक्रवार झाला होता. मामा बस पकडून थेट पापनाशमला, वधूपित्याच्या दारात. "तारखेला येऊ की वाराला?" बिचाऱ्याला घाम फुटला. पत्रिका पुन्हा छापल्या आणि पहिल्या पंगतीत मामांचं पान मांडलं गेलं.

त्या दिवसांत देशात रोज काहीतरी नवं येत होतं. आमच्या गल्लीत कॉम्प्युटर क्लास निघाला. मालकानं मामांना मशीनशी शर्यत लावायला बोलावलं. इस्त्रीची वेष्टी, म्हणजे इकडचं धोतर, नेसून मामा गेले, मागोमाग मी. मामांनी आपल्या आजोबांची जन्मतारीख दिली. मशीन म्हणालं, तारीख चुकीची. पुन्हा दिली, पुन्हा तेच. शेवटी मालक ओशाळून म्हणाला, ऐंशी सालाच्या मागे हे जातच नाही.

मला वाटलं, मामा आता मिरवणार. त्यांनी मशीनवर मायेनं हात ठेवला. "अय्यो, लेकरू आहे हो! सांभाळून घ्या."

वाराच्या बाबतीत मात्र मामा कुणाला सूट देत नसत. पंचांगालाही नाही.

एका मंगळवारी मी त्यांचा डबा परत करायला गेले. मामांची थोरली बहीण, सुंदराक्का, झोपाळ्यावर बसली होती. यजमान जाऊन बरीच वर्षं झालेली, पण हल्ली ते तिच्या लक्षात राहत नव्हतं. ते मद्रासला नोकरीला असत आणि दर शनिवारी घरी येत, तेवढंच राहिलं होतं.

"किट्टू, आज काय वार रे?"

"शुक्रवार, अक्का."

मी चमकून पाहिलं. मामांनी नजर वळवली.

"म्हणजे उद्या येतील," अक्का म्हणाली. "त्यांना वांगी आवडतात. आणून ठेव."

मामांनी खुंटीवरची पिशवी काढली. मी फाटकापर्यंत त्यांच्याबरोबर गेले. मग ते हळूच म्हणाले, "एकदा खरा वार सांगितला होता. दिवसभर जेवली नाही."

आणि वेष्टी सावरत ते मंडईकडे चालू लागले. कोवळी वांगी सकाळीच मिळतात.