दातारांची खुर्ची

आमच्या नाशिकच्या कॉलेजात गणिताच्या तासाला बरेचदा एखादा विद्यार्थी खुर्चीवर बसलेला असे आणि प्रोफेसर दातार खाली बाकावर, पोरांच्या रांगेत. नियम त्यांचाच. फळ्यावरची त्यांची चूक जो धरील, त्यानं उरलेला तास खुर्चीवर बसून शिकवायचं.

मी शेजारच्या वर्गात संस्कृत शिकवायचो. चूक झाली तर गुरूनं खोकावं आणि मुकाट्यानं फळा पुसावा, अशा मताचा मी. दातारांना तसं बोललोही. त्यांनी माझ्याकडे कीव आल्यासारखं पाहिलं.

गणित त्यांना कागदावर पुरत नसे. "कागदावर जमलं, आता जाऊन बघू," हे त्यांचं पालुपद. दोन नळांनी हौद किती वेळात भरेल, हे गणित तुम्ही-आम्ही शाळेत सोडवलं आणि विसरलो. दातारांनी पंचवटीतल्या एका ओळखीच्या घरचा हौद रिकामा करवला आणि अख्खा वर्ग, वर मलाही, त्याच्याभोवती उभं केलं. हौद काही भरेना. इतक्यात भिंतीपलीकडून शेजारीण तणतणत आली, की तुमचं पाणी आमच्या चुलीत शिरलंय. हौदाला तडा होता. आम्ही शरमेनं मेलो, दातार मात्र दिवसभर हरखलेले. गळती आपण हिशेबात धरलीच नव्हती, असं जो भेटेल त्याला सांगत सुटले.

खुर्चीवर सगळ्यांत जास्त बसला तो हमीद. मालेगावच्या विणकराचा मुलगा, बोलायला लाजरा, पण फळ्यासमोर दातारांनाही न जुमानणारा. दातार आणि तो मिळून गोदावरीच्या पुराचं गणित मांडत. त्र्यंबकच्या डोंगरात अमुक पाऊस पडला, तर नाशकात पाणी कधी आणि कुठवर चढेल, असं ते गणित.

एका श्रावणात वर धो धो पाऊस झाला. दातारांनी हिशेब केला आणि तडक नदीकाठच्या भांडीबाजारात जाऊन सांगितलं, संध्याकाळपर्यंत दुकानांत पाणी येणार. हमीद म्हणत होता, वाटेत नदी दोन्ही काठच्या शेतांत पसरते, एवढं पाणी इथवर यायचं नाही. पण त्या दिवशी दातारांना घाई झाली होती. प्रोफेसरच सांगतोय म्हटल्यावर दुकानदारांनी हंडे-घागरी माडीवर चढवल्या. पाणी घाटाच्या पायऱ्यांवर आलं, जरा रेंगाळलं आणि उतरलं. बाजारानं दातारांची यथेच्छ टिंगल केली.

दुसऱ्या दिवशी हा गृहस्थ हमीदला बरोबर घेऊन दुकानोदुकानी हिंडला. चूक माझी, बरोबर हा होता, असं प्रत्येक दुकानदाराला सांगितलं आणि वर घागरी उतरवायला हातही लावला. हमीद लाजेनं अर्धा झाला होता.

बी. ए. झाल्यावर त्याला दातारांपाशीच राहायचं होतं. दातारांनी पुढच्या शिक्षणासाठी त्याला मुंबईला धाडायचं ठरवलं. नाशिक रोडच्या फलाटावर तो डोळे पुसत उभा होता, तेव्हा ते त्याला म्हणाले, "माझी चूक धरणारा मला भेटला. आता तुझी चूक धरणारा तू शोध."

गाडी गेली. परत येताना दातारांनी टांग्याच्या चाकाचं गणितसुद्धा घातलं नाही, तेव्हा मी घाबरलोच.

त्यानंतर खुर्चीवर दातारच दिसू लागले. शिपाई मला म्हणाला, साहेब संध्याकाळी फळा पुसू देत नाहीत, वय झालं वाटतं. मी दातारांना छेडलं.

"फळ्यावर चूक आहे," ते म्हणाले. "मीच घातलीय. रोज एक घालतो. पोरं मुकाट्यानं उतरवून घेतात हो. हमीद गेल्यापासून मला कुणी अडवलेलं नाही."

मला फार वाईट वाटलं. घरी त्यांचं म्हणावं असं कुणी नव्हतं. स्टोव्हवर पिठलं करून एकटे जेवायचे.

जूनमध्ये नवा वर्ग आला. त्यात मुलगी एकच, सटाण्याच्या मास्तरांची सुमन. एका सकाळी मी व्हरांड्यातून जात असता दातारांच्या वर्गातून बारीक आवाज आला, "सर, आठे चूक शे."

'इथं चूक आहे' हे तिच्या बागलाणी बोलीत ऐकून वर्ग खो खो हसला. ती कावरीबावरी होऊन खाली बसू लागली. दातार हसले नाहीत. फळ्याकडे बघत राहिले, मग म्हणाले, "ही तर मी घातलेली नव्हती."

दातारांनी उपरण्यानं खुर्ची नीट पुसली. "या बाई, बसा. पुढचं तुम्ही सांगा. मला समजलं नाही तर विचारीन."

सुमन घाबरत घाबरत खुर्चीच्या कडेवर टेकली. दातार तिच्या रिकाम्या बाकावर येऊन बसले. मी दारातच रेंगाळलो होतो. त्यांनी मला पाहिलं आणि ओठांवर बोट ठेवलं. तास चालू झाला होता.