पाट नंबर दोन

माझ्या सासुरवाडीला जेवायच्या पाटांवर नंबर टाकलेले आहेत. तुम्ही म्हणाल, त्यात काय, लग्नकार्यात हरवू नयेत म्हणून लोक भांड्यांवर नावं घालतातच की. हे तसले नंबर नव्हेत. पांढऱ्या ऑइलपेंटने, मोटारीच्या पाटीवर असतात तसे ठसठशीत काढलेले आकडे आहेत. दाराशी एक, त्याच्या आत दोन, मग तीन, मग भिंतीकडे चार, असे पाट मांडायचे. इथवर ठीक. पण वाढायचं मात्र एक, तीन, चार, दोन या क्रमाने.

माझा पाट दोन नंबरचा. म्हणजे भाजीचं पातेलं एक नंबरहून निघालं की माझ्या नाकासमोरून तीन नंबरला जाणार. तिथे माझी बायको शकू. तिथून चार नंबरला, तिथे माझी मेहुणी विमल. आणि मग परत फिरून माझ्याकडे. घरचा जावई रिकामं ताट पुढे घेऊन बायकोच्या ताटातली वाफ बघत बसलेला, असं दृश्य मराठी मुलखात दुसरीकडे कुठे दिसत असेल तर मला कळवा. मी जाऊन त्या गृहस्थाला भेटून येईन.

हा कायदा एक नंबरवर बसणाऱ्या माझ्या सासऱ्यांचा, शेषरावमामांचा. अंबडहून शहागडला जाताना रस्त्याला लागूनच त्यांचं शेत आहे आणि शेतातच घर. माणूस ज्वारी-कापूस पिकवणारा, पण डोक्यात इंजिन. केव्हातरी सरकारी लिलावात त्यांनी एक मेलेली जीप घेतली आणि बैलगाडीला बांधून घरी आणली. अंगणात पोतं अंथरून त्यावर सगळं इंजिन सुटं केलं आणि अख्खा उन्हाळा घालवून परत जोडलं. जोडून झाल्यावर दोन नट उरले. ते अजून देवाच्या कोनाड्यात आहेत आणि आक्का, म्हणजे मामांची विधवा बहीण, त्यांनाही हळदकुंकू वाहते. जीप चालते. केव्हा चालेल हे मात्र जीपच ठरवते.

त्या उन्हाळ्यात मामांना जे ज्ञान झालं ते त्यांनी इंजिनात ठेवलं असतं तर माझी काही तक्रार नव्हती. इंजिनात चार सिलिंडर. रेडिएटरकडचा एक नंबर, बसणाऱ्याच्या बाजूचा चार. पेट्रोलचा भडका चारही ठिकाणी एकदम उडत नाही, पाळीपाळीने उडतो. आणि ती पाळी सरळ ओळीने नसते, एक, तीन, चार, दोन अशी असते. "वळीनं फोडत गेलं की समदा मारा एकाच बाजूला बसतो, जावईबापू," मामा सांगतात. "वजन वाटून द्या लागतं."

मी म्हटलं, मामा, तीन आणि चार शेजारीशेजारीच की. ते लागोपाठ कसे चालतात? यावर त्यांनी माझ्याकडे कीव आल्यासारखं बघितलं. सहा सिलिंडरच्या ट्रकात शेजारचे दोन लागोपाठ कधी फुटत नाहीत म्हणे, तिथे एक, पाच, तीन, सहा, दोन, चार असा क्रम बिलकुल बराबर बसतो. "पण सहा माणसं कुठून आणू घरात?" असं म्हणून त्यांनी विषय संपवला.

मग उरलेल्या जगाला हा चौघांचा नियम. हौदावर बैल सोडायचे तर पहिला, तिसरा, चौथा, दुसरा. मिरच्यांच्या ओळींना पाणी द्यायचं तर तसंच. आम्ही शकूला बघायला गेलो तेव्हा बाकावर माझे वडील, काका, मी आणि एक मित्र असे ओळीने बसलो होतो. चहा वडिलांना आला, मला आला, मित्राला आला आणि काका हात पुढे करून तसेच राहिले. काकांना शेवटी मिळाला तोवर त्यावर साय धरली होती. आमच्या घरात माझ्या लग्नाचा विषय निघाला की काका आधी त्या चहाचा विषय काढतात. मुलगी चांगली आहे हे त्यांनी अजून कबूल केलेलं नाही.

मी जालन्याला तहसील कचेरीत कारकून आहे. महिन्याकाठी एकदा आम्ही सासुरवाडीला जायचो आणि दर महिन्याला माझा तोच अपमान व्हायचा. बरं, नुसतं शेवटी वाढून थांबत नसत. माझ्या ताटात सगळं पडलं की मामा स्वतःचं जेवण थांबवून माझ्या हाताकडे बघत राहायचे. "हं, दोन नंबर, चालू करा." मी पहिला घास तोंडात घालेपर्यंत नजर हलायची नाही. आणि घास गिळला रे गिळला की लगेच, "आक्का, एक नंबर." म्हणजे माझा पहिला घास आणि यांची दुसरी भाकरी. हावरटपणाला काही सीमा असावी की नाही?

आणीबाणी उठली त्या वर्षी अधिक महिना आला. धोंड्याचा महिना, जावयाचा महिना. मामांनी पुरणाच्या धोंड्यांचं जेवण ठरवलं आणि सकाळी आधी शहागडला गोदावरीचं स्नान म्हणून मला जीपमधून नेलं. जाताना जीप गेली. स्नान झालं. येताना शहागडच्या नाक्यावर, ट्रकवाल्यांच्या ऐन घोळक्यात, ती खोकली आणि बसली. मामांनी प्लगच्या चारही वायरी काढल्या, प्लग पुसले आणि मला म्हणाले, वायरींवर नंबर टाकलेत, तेवढ्या लावून घ्या. स्वतः कार्बोरेटरवर वाकले.

मी एक नंबर शोधला. माणूस गाडीत बसतो तिथून मोजतो. कुणीही शहाणा तिथूनच मोजेल. मी बसायच्या बाजूकडून एक, दोन, तीन, चार लावल्या, मामांनी सांगितलं म्हणून आत जाऊन चावी फिरवली, आणि फाटकन आवाज होऊन कार्बोरेटरमधून जाळ बाहेर आला. मामांची डावी भुवई गेली. ट्रकवाले पोट धरून हसले. मामा हसले नाहीत आणि रागावलेही नाहीत. राख झालेली भुवई चाचपत त्यांनी वायरी उलट्या लावल्या आणि म्हणाले, "आपण बसलो तिथून मोजायचं नसतंय, जावईबापू. वारा येतो तिकडून मोजायचं."

वर उपदेश. मी उपाशी, अंग ओलं, चार लोकांत हसं झालेलं, आणि वर उपदेश.

घरी पोचल्यावर ताटं मांडली. अधिक महिन्यात जावयाला नारायण मानतात. नारायणाला सगळ्यांत शेवटी वाढावं असं कुठल्या पोथीत लिहिलंय ते मला दाखवा. धोंड्यांची परात एक नंबरला गेली, माझ्यासमोरून तीनला गेली, चारला गेली. तूपसुद्धा त्याच वाटेने गेलं. मग एका भुवईचे मामा हात ताटात ठेवून माझ्याकडे बघत बसले. "दोन नंबर, चालू करा." मी घास घेतला तो रागाने चावून चावून. "आक्का, एक नंबर," मामा म्हणाले. मी तिथेच मनाशी ठरवलं की या पाटावर पुन्हा बसायचं नाही. परतीच्या एसटीत शकूला तसं स्पष्ट सांगून टाकलं.

मी शब्दाचा पक्का आहे. दसऱ्याला गेलो नाही, दिवाळीला गेलो नाही. मामांचे निरोप आले, मी कचेरीतल्या कामाचं कारण दिलं. शकू एकटी जाऊन आली.

संक्रांतीच्या सुमारास आक्का डोळे दाखवायला जालन्याला आली आणि आमच्याकडे उतरली. जेवायला बसलो तेव्हा शकूने पहिलं ताट माझ्यापुढे ठेवलं. मी मुद्दाम मोठ्याने म्हटलं, बघा आक्का, आमच्या घरात माणसाला माणसासारखं वाढतात. जेवण झाल्यावर आक्काने सुपारी कातरायला घेतली आणि बोलू लागली.

"आमची वयनी कधी पंगतीला बसली न्हाई," ती म्हणाली. वयनी म्हणजे माझ्या सासूबाई. मी त्यांना पाहिलेलं नाही, आमच्या लग्नाआधीच त्या गेल्या होत्या. "समद्यांचं झाल्यावर चुलीपाशी, उरलंसुरलं, थंडगार खायची. शेषानं लई सांगितलं, आमच्यासंगं बस. बायकांनी आधी जेवू न्हाई म्हणायची. मंग ती जीप आली. ह्यानं पाटांवर नंबर घातले आन तिला म्हणला, तुला शेवटीच जेवायचंय ना? जेव शेवटी. पण ह्याच फेऱ्यात. दोन नंबर फुटल्याबिगर एक नंबर दुसऱ्यांदा फुटत न्हाई. तू घास घेतल्याबिगर मी दुसरी भाकर घ्यायचा न्हाई. नांगर हाकून आल्याला माणूस, हात ताटात ठेवून तिच्या तोंडाकडं बघत बसायचा. मंग काय करती? समद्यांना वाढायची आन बसायची दोन नंबरवर."

मी विचारलं, आणि त्या गेल्यावर?

"गेल्यावर दोन नंबर भिंतीला टेकवून ठेवला. मला बस म्हणला न्हाई, कुणालाच म्हणला न्हाई. आन कायदा सोडला न्हाई. दोन नंबर फुटत न्हाई म्हणून एका भाकरीवर उठायला लागला. तुमी आले तव्हा त्यानं तो पाट काढला. तुमी आल्या दिवशी दुसरी भाकर जाती त्याला. आता धोंड्यापासून पुन्हा एकीवर आलाय."

मी शकूकडे वळलो. तुला हे ठाऊक होतं? ती म्हणाली, तुम्ही कधी विचारलं?

आता यावर माणसाने संतापायचं नाही तर काय करायचं? लग्नाआधी पत्रिका दाखवतात, मुलीच्या चष्म्याचा नंबर सांगतात. या पाटाचं सांगायला काय झालं होतं? दिवसभर शेतात राबणारा माणूस एका भाकरीवर उठतो आणि ही सगळी मंडळी ते गप बघतात. मला त्या रात्री झोप आली नाही. सकाळी रजेचा अर्ज पाठवला आणि शकूला, आक्काला घेऊन पहिल्या एसटीने निघालो.

मामा अंगणात जीपखाली होते. आले का, एवढंच म्हणाले. भुवई परत आली होती, पण जरा विरळ. मी सरळ स्वयंपाकघरात गेलो. दोन नंबरचा पाट भिंतीशी होता, त्यावर धूळ नव्हती. मी तो उचलला, दारापासून मोजून एक नंबरच्या आत मांडला आणि बसलो.

पातेलं एकला गेलं, तीनला गेलं, चारला गेलं, माझ्याकडे आलं. मामांचा हात ताटात थांबला. मला राहवलं नाही. मी म्हटलं, मी काही रोज येऊ शकत नाही. बाकीच्या दिवशी आक्कांना बसवा या पाटावर, विमलला बसवा, पण पोटभर जेवा. हा काय अघोरीपणा चालवलाय तुम्ही?

मामांनी आक्काकडे पाहिलं. काय झालं ते त्यांना कळलं. ते म्हणाले, "आक्का निमूट बसंल. पोरगीबी निमूट बसंल. तिथं निमूट माणूस काय कामाचं?" मग हळूच म्हणाले, "ती लई चिडायची, जावईबापू. हे काय माझ्यामागं इंजिन लावलंय म्हणायची, आन चिडत चिडत घास घ्यायची. तुमी पहिल्यांदा ह्या पाटावर तोंड फुगवून बसले ना, तव्हा मला वाटलं, लागली गाडी पुन्हा चारी सिलिंडरवर चालायला."

शकूने पदर डोळ्याला लावला. जे कायम करत आलो तेच मी केलं. कपाळाला आठ्या घातल्या, भाजी निवली म्हणून कुरकुरलो, शेवटी वाढतात म्हणून कुरकुरलो, आणि रागारागाने भाकरीचा तुकडा मोडून तोंडात घातला.

मामांनी मी गिळेपर्यंत वाट पाहिली.

"आक्का," ते म्हणाले, "एक नंबर."